ओरेस्ते गालेआत्सी यांना मानपत्र

ओरेस्ते गालेआत्सी या माणसाला ज्याने त्याने हाकललं. इटलीतल्या क्लबांनी हाकललं, साउथहॅम्प्टनच्या क्लबाने हाकललं, एका बायकोनेही हाकललं म्हणतात, पण ती घरगुती बाब, आपण कशाला त्यात पडायचं! त्याचा जाहीर सत्कार करण्याची बुद्धी मात्र साऱ्या युरोपात एकट्या हाउन्सलोच्या मराठी मित्रमंडळाला झाली. मंडळाचे तेव्हाचे सचिव मिलिंद खांबेटे यांनी त्यासाठी स्वतः राबून मानपत्र लिहिलं, आणि आजही त्या मानपत्राचा विषय निघाला की ते उठून खिडकी बंद करायला जातात, मग ती आधीच बंद का असेना.

आधी या ओरेस्तेची कुंडली मांडू. जन्म पिओम्बिनोचा. इटलीच्या किनाऱ्यावरचं पोलादाचं गाव, बाप भट्टीवर कामाला, आणि गावात पोर चालायला लागायच्या आधी मोर्चाला जातं, कडेवर बसून. या पोराचे पाय बरे निघाले. तोंड पायांहून बरं निघालं, तिथेच सगळं घोडं अडलं. तिसऱ्या वर्गाच्या क्लबांतून तो बचावफळीत खेळायचा. बचाव करणाऱ्याच्या नशिबी गोल कितीसे! पण चुकून एखादा झालाच, तर बाकीचे खेळाडू जसे मैदानभर उंडारतात तसा हा उंडारायचा नाही. हा सरळ चालत जायचा तो मैदानावर चुन्याच्या रेघा मारणाऱ्या म्हाताऱ्याकडे, आणि त्याचा हात हातात घेऊन उभा राहायचा. कारण काय, तर क्लबाने त्या म्हाताऱ्याचा पगार थकवला होता. कॅमेरावाल्यांना कळेना की दाखवायचं काय. क्लबाच्या अध्यक्षांना मात्र बरोबर कळलं, आणि मोसम संपायच्या आत ओरेस्ते दुसऱ्या गावाला गेला.

दुसऱ्या गावच्या शर्टावर एका कारखान्याचं नाव होतं. तो कारखाना आपली घाण नदीत सोडायचा. ओरेस्तेने शर्ट उलटा घातला, शिवण बाहेर काढून, आणि पूर्ण सामना खेळला. तिसऱ्या गावी तर त्याने कमालच केली. स्टेडियम झाडणाऱ्या बायका संपावर होत्या, प्रेक्षक मंडळी त्यांच्या अंगावरून आत येऊन बसली होती. ऐन सामन्यात पेनल्टी मिळाली आणि मारायला याला बोलावलं. याने चेंडू ठिपक्यावर ठेवला, मागे गेला, सगळं स्टेडियम श्वास रोखून बसलं, आणि हा पुढे येऊन चेंडूशेजारी मांडी घालून बसला! रेफ्री शिट्टी फुंकतोय, कोच केस उपटतोय, आणि हा बसलाय. लाल कार्ड मिळालं. दोन दिवस वर्तमानपत्रांनी डोक्यावर घेतला, तिसऱ्या दिवशी क्लबाने नारळ दिला. तिथे नारळ मिळत नाहीत, लेखी कळवलं एवढंच.

असं करत करत गुडघा संपला, इटली संपली, आणि वय उतरणीला लागल्यावर साहेब साउथहॅम्प्टनला एका हौशी क्लबात आले. तिथेही ड्रेसिंग रूममध्ये गोदी कामगारांची पत्रकं वाटली. तिथून निघाले ते विमानतळाशेजारच्या हाउन्सलोला येऊन थडकले आणि विमानात जेवण पोचवणाऱ्या एका किचनच्या ट्रकवर ड्रायव्हर झाले. तेव्हा पन्नाशी ओलांडली होती. एवढ्या उठाठेवीतून या माणसाने मिळवलं काय, असा प्रश्न मिलिंदला पहिल्या भेटीतच पडला. ओरेस्तेला तो कधी पडला नसावा, कारण आपल्या हकालपट्ट्या तो अशा कौतुकाने सांगायचा की ऐकणाऱ्याला वाटावं, मुलांची लग्नं सांगतोय.

आता मिलिंदविषयी. मूळचा पुण्याचा, वीस वर्षं इथे, त्याच किचनमध्ये शिफ्ट मॅनेजर. किचनचं नाव गंगोत्री इनफ्लाइट. मालक शशिधरराव टिळेकर, पिनरला मोठ्ठं घर, आणि तेच मराठी मंडळाचे तहहयात अध्यक्ष. म्हणजे मंडळ त्यांचं, किचन त्यांचं, मंडळाच्या फुटबॉल टीमच्या शर्टावरचं नावही त्यांचंच. बाप्पा तेवढा सगळ्यांचा, पण त्याचे मोदकही गंगोत्रीतूनच यायचे. अशा माणसाच्या हाताखाली मिलिंद दिवसा मॅनेजर आणि शनिवार-रविवार सचिव. ‘नाही’ हा शब्द त्याच्या तोंडून फक्त दुसऱ्यांदा भात घेताना ऐकू यायचा, असं त्याची बायको वैभवी म्हणते, आणि वैभवी उगाच काही बोलत नाही.

ओरेस्तेला टीमचा कोच केला तो मिलिंदनेच. हाउन्सलो सह्याद्री! काय ती टीम! निम्मे पुण्या-नागपूरकडून आलेले सॉफ्टवेअरवाले, ते पास द्यायच्या आधी मीटिंग ठेवायचे; निम्मे इथे जन्मलेले, ते पासच द्यायचे नाहीत. ओरेस्तेने त्यांना वळण लावलं. तळाची टीम वर सरकून मधोमध आली, आणि मंडळाच्या वार्षिक अहवालात मिलिंदने तिला ‘घोडदौड’ म्हटलं. कामाच्या मधल्या सुट्टीत दोघं किचनच्या लोडिंग बेवर, म्हणजे ट्रक भरायच्या ओट्यावर, फ्लास्कमधला चहा पीत बसायचे. इतक्या वर्षांत मिलिंदला झालेला हा एकच मित्र, ज्याच्याशी बोलताना त्याला आधी वाक्य तपासून घ्यावं लागत नसे.

आणि मग ते लादीचं प्रकरण झालं.

सुनीती दांडेकर ही ट्रे-लाइनची, म्हणजे जेवणाचे ट्रे भरायच्या सरकत्या पट्ट्याची, सुपरवायझर. आजी-आजोबांच्या वेळेपासून इथलीच, पिनरला जन्मलेली, मराठी बोलते पण शब्दांच्या लिंगांची उलथापालथ करत. एका सकाळी शीतघराबाहेर पाणी साचून लादी निसरडी झाली आणि एक बाई ट्रॉलीसकट घसरली. मनगट मोडलं. सुनीती धावत मिलिंदकडे आली. “मिलिंददादा, लाइन थांबवू का? अजून कोणीतरी पडणार.” मिलिंदने लादीकडे बघितलं, बाईकडे बघितलं आणि म्हणाला, “थांबव.” म्हणाला, हं! स्वच्छ मराठीत म्हणाला. लाइन थांबली, लादी पुसली, तेवढ्यात एका विमानाचं जेवण उशिरा चढलं आणि विमान कंपनीचा फोन थेट शशिधररावांना गेला.

शशिधररावांनी चौकशी बसवली. लाइन कोणी थांबवली? सुनीती म्हणाली, मिलिंददादांना विचारून थांबवली. सगळे मिलिंदकडे वळले. आणि आमचे सचिव काय म्हणाले? म्हणाले, “त्या गडबडीत असं काही बोलणं झाल्याचं मला आठवत नाही.” ‘नाही झालं’ म्हणाले नाहीत, बरं का. खोटं बोलायचं पाप कोण करतो! फक्त आठवत नाही. विनापरवाना काम बंद पाडल्याबद्दल सुनीतीला कामावरून काढलं. अपील करायचं असेल तर तीन आठवड्यांनी, सोमवारी.

त्या संध्याकाळी मिलिंद नीट जेवला नाही. वैभवीने काय झालं विचारलं, तर त्याने ॲसिडिटीचं नाव सांगितलं.

ती ॲसिडिटी दुसऱ्या दिवशी लोडिंग बेवर भेटली. ओरेस्तेने चहा ओतला आणि म्हणाला, “मी ट्रक लावत होतो. दार उघडं होतं. तू तिला ‘थांबव’ म्हणालास. तेवढं मराठी मला येतं, टीमला रोज तेच ओरडून सांगतो.”

मिलिंदची पाचावर धारण बसली. “अरे, तसं नव्हतं ते.”

“मग कसं होतं?”

ओरेस्ते रागावला नाही, ओरडला नाही, हेच जास्त वाईट. म्हणाला, “अपीलला एका सहकाऱ्याला सोबत न्यायची मुभा असते, इथला नियम आहे. सुनीतीने मला विचारलंय, मी जाणार. तू त्याआधी सांगितलंस तर फार बरं. मी ऐकलंय हे तिला मी सांगितलेलं नाही, तुझं तू सांगितलेलं बरं दिसतं.” आणि बिस्कीट बुडवून खाल्लं.

मिलिंद तडक शशिधररावांकडे गेला. खरं सांगायला? छे! एवढंच सांगायला की हा इटालियन सोमवारी अपीलला येऊन तमाशा करणार आहे. शशिधररावांनी चष्मा पुसला. माणूस जुना खेळलेला, फुटबॉल नव्हे, पण बाकी सगळं. म्हणाले, “अरे मिलिंद, त्याला आजवर सगळ्यांनी लाथा घातल्या म्हणून तो असा झाला. आपण त्याला जवळ घेऊ. अपीलच्या आदल्या दिवशी, रविवारी, वर्धापनदिन आहेच. सत्कार करून टाक. शाल, श्रीफळ, मानपत्र. क्रीडा सल्लागार म्हणून जाहीर करू. ज्याच्या खांद्यावर आपण शाल घातली तो दुसऱ्या दिवशी आपल्यावर उठत नाही. मी तीस वर्षं मंडळ चालवतोय, एकही उठलेला बघितला नाही.”

खरं होतं ते. मंडळात जो कोणी हिशेब मागायला लागला त्याचा वेळीच सत्कार झाला होता, आणि ती सगळी मंडळी पहिल्या रांगेत शाली पांघरून गप्प बसलेली असायची. मिलिंदने लगेच मानपत्र लिहायला घेतलं. आयुष्यात त्याने असं मन लावून काही लिहिलं नव्हतं. मित्राला हरभऱ्याच्या झाडावर चढवायचं म्हणजे शिडी मजबूत हवी! ‘आपण सत्याचे निष्ठावंत उपासक आहात. असत्य आपल्या जिव्हेला ठाऊक नाही. पद, प्रतिष्ठा आणि उपजीविका यांवर पाणी सोडून आपण दुर्बलांच्या पाठीशी उभे राहिलात. आपला शब्द हा आम्हा सर्वांस प्रमाण आहे.’ कौन्सिलचे, म्हणजे इथल्या पालिकेचे, पाहुणे येणार म्हणून शेजारी इंग्रजी भाषांतर छापलं, खाली शशिधररावांची ऐसपैस सही, आणि सोनेरी चौकट.

वैभवीने ते वाचलं. “हे सगळं तुला मनापासून वाटतं?”

“अगं, मानपत्र आहे ते. त्यातलं कोणी खरं धरतं का!”

रविवारी शाळेच्या हॉलमध्ये सत्कार झाला. ओरेस्ते कोट घालून आला, तोही इस्त्रीचा. शशिधररावांनी शाल घातली, नारळ दिला, आणि मिलिंदने मानपत्र वाचलं, आधी मराठीत, मग इंग्रजीत. मिलिंदला धास्ती होती की हा गडी मध्येच उठेल, माइक ओढेल, स्टेजवर मांडी घालून बसेल. कसलं काय! ओरेस्ते एकेक वाक्य मान पुढे करून ऐकत होता. ‘असत्य आपल्या जिव्हेला ठाऊक नाही’ आलं तेव्हा त्याचा चेहरा हलला. ‘आम्हा सर्वांस प्रमाण’ला त्याने शालीच्या टोकाने डोळे पुसले. दोन शब्द बोला म्हटल्यावर म्हणाला, “माझ्याबद्दल आजपर्यंत जे काही लिहून आलं, ते सगळं मला काढून टाकताना. हे पहिलंच वेगळं. धन्यवाद.” ‘धन्यवाद’ मराठीत. टाळ्या काय पडल्या!

सुनीती मागच्या बाजूला आईबरोबर बसली होती. तिनेही वाजवल्या. मिलिंदने ते बघितलं आणि आभारप्रदर्शनाला उठला.

जेवताना ओरेस्ते जो भेटेल त्याला चौकट दाखवत होता. बहिणीला पिओम्बिनोला व्हिडिओ कॉल लावून त्याने तिला नारळसुद्धा दाखवला. शशिधररावांनी मिलिंदच्या पाठीवर थाप मारली. मिलिंदला हायसं वाटायला हवं होतं, आणि वाटलंही. पण श्रीखंड काही गोड लागेना. इतक्या स्वस्तात गेला हा? नद्यांसाठी, झाडूवाल्यांसाठी सगळं घालवलेला माणूस एका शालीत गार? मित्र विकला गेला याचं दुःख करावं, की विकत आपणच घेतला याचं, हे त्याला ठरवता येईना. घरी येईपर्यंत त्याने बाकी सगळ्यांना मनात शिव्या घालून घेतल्या होत्या.

सोमवारी अपील. खोलीत टेबलाच्या पलीकडे शशिधरराव आणि तटस्थ म्हणून बाहेरून बोलावलेली एचआरची एक इंग्रज बाई. बाजूला मिलिंद, साक्षीदार म्हणून. दार उघडलं आणि सुनीती आत आली. तिच्यामागे ओरेस्ते, अंगावर शाल, काखेत चौकट.

शशिधररावांनी प्रसन्न हसून म्हटलं, “या, सल्लागार, या!” शाल बघून त्यांना वाटलं, काम फत्ते.

ओरेस्तेने चौकट टेबलावर ठेवली, इंग्रजी बाजू बाईंकडे करून. “हे काल मला मिळालं,” तो म्हणाला. “मी ते घरी बसून पुन्हा वाचलं. मला वाटलं होतं की या खोलीत माझ्यासारख्या ड्रायव्हरचं कोण ऐकणार. पण यांनी लिहून दिलंय की माझा शब्द त्यांना प्रमाण आहे. आधी नुसतं यावंसं वाटत होतं. आता तर यायलाच हवं होतं.”

त्याच्या चेहऱ्यावर मिस्कीलपणाचा मागमूस नव्हता, हे मिलिंदने नीट बघितलं. टोमणा मारत असता तर किती बरं झालं असतं! पण या येड्याने ते सगळं खरं धरलं होतं. अक्षर न् अक्षर. एवढं कौतुक करणाऱ्या माणसांना आपल्याकडून सत्यच हवं असणार, अशी त्याची प्रामाणिक समजूत झाली होती, आणि ती शाल तो पहिल्यांदाच मिळालेल्या टीमच्या शर्टासारखी अभिमानाने घालून आला होता.

एचआरच्या बाईंनी चष्मा लावून मानपत्र वाचलं. “ही तुमची सही?” त्यांनी शशिधररावांना विचारलं.

“ती... ती एक पद्धत असते आमच्यात,” शशिधरराव म्हणाले.

“म्हणजे हे खरं नाही?”

तीस वर्षांत मंडळाच्या मानपत्राबद्दल हा प्रश्न कोणी विचारला नव्हता. पाण्याचा ग्लास पुढे ओढत शशिधरराव म्हणाले, “नाही, नाही, खरंच आहे.”

“तर मी ऐकलं,” ओरेस्ते म्हणाला. “सुनीतीने विचारलं आणि मिलिंदने थांबव म्हटलं. मिलिंद माझा मित्र आहे. त्याला आठवत नव्हतं. आता आठवलं असेल.”

खोलीत सगळे मिलिंदकडे बघायला लागले. शशिधररावांचे डोळे सांगत होते, सांभाळ. वीस वर्षं तो हेच डोळे वाचून बोलत आला होता. आठवत नाही, एवढंच पुन्हा म्हणायचं, की सुटला. पण समोर त्याचंच मानपत्र पडलं होतं, त्याच्याच शब्दांचं, आणि त्यावर विश्वास ठेवून बसलेला हा एक माणूस, ज्याला वाटत होतं की लिहिणाऱ्यालाही ते तसंच वाटतं. मिलिंदला भयंकर लाज वाटली.

“हो,” तो म्हणाला. “मीच सांगितलं थांबवायला. सांगितल्याचं पहिल्या दिवसापासून आठवतंय.”

शौर्य म्हणतात ते हेच असेल तर फारच बेताचं होतं. आवाज इतका बारीक निघाला की बाईंनी परत म्हणायला सांगितलं, आणि बिचाऱ्याला ते दोनदा म्हणावं लागलं.

सुनीतीची नोकरी परत मिळाली. मिलिंदला लेखी ताकीद मिळाली, आणि मंडळाचं सचिवपद ‘प्रकृतीच्या कारणास्तव’ सुटलं. वैभवीने त्याला त्या दिवशी न विचारता दोनदा भात वाढला, तिच्या मानाने हे फारच झालं. ओरेस्तेला मात्र आयुष्यात पहिल्यांदाच कोणी हाकललं नाही. हाकलणार कसं? रविवारच्या सत्काराचे फोटो पिनरपासून पुण्यापर्यंत फिरले होते. शशिधरराव भेटले की त्याला ‘सल्लागार’ म्हणून हाक मारतात, दात दिसतात, हसू दिसत नाही. ओरेस्तेने मिलिंदलाही काही ऐकवलं नाही. “मला माहीत होतं, तू बोलशील,” एवढंच म्हणाला. ते मिलिंदला फार लागलं, कारण त्याला स्वतःला ते शेवटच्या क्षणापर्यंत माहीत नव्हतं.

सुनीती कामावर परतली त्या सकाळी मिलिंद लाइनच्या तोंडाशी मुद्दाम उभा होता. मनात कुठेतरी आशा होती की ही आता थँक यू म्हणेल. आशा बघा माणसाची! उशिरा का होईना, आपण बोललो, असं त्याने गेल्या दोन दिवसांत स्वतःला बरंच पटवलं होतं.

सुनीती केसांना जाळी लावत थांबली.

“मिलिंददादा,” ती म्हणाली, “जॉब मला दुसरीकडे पण मिळाला असता. एअरपोर्ट केवढा मोठा आहे. पण तुम्ही ‘आठवत नाही’ म्हणालात ना, मग मी घरी बसून फक्त तोच विचार केली. की तुम्ही खरंच बोललात का. कारण तुम्ही तर खोटं बोलणार नाही. मिलिंददादा कसे खोटं बोलतील? तर मग मीच कायतरी भलतं ऐकलं असणार. मी आईला सांगितलं, आई, माझ्या डोक्याला काहीतरी झालंय, मला डॉक्टरकडे ने.”

तिचे डोळे भरून आले होते. “आम्ही गेलो पण होतो डॉक्टरकडे,” ती म्हणाली, आणि हातमोजे चढवून लाइनवर गेली.